धाकट्याने बांधलेली लिफ्ट

लिफ्टकाकांच्या घरात दर रविवारी सकाळी अकराच्या ठोक्याला कोणीतरी धावतं, असं शेजारी म्हणत. हे पहिल्यांदा म्हटलं ते त्यांच्या बरोबर खाली, दुसऱ्या मजल्यावर राहणाऱ्या निवृत्त मास्तरीणबाईंनी. चाळीस वर्षं शाळेच्या व्हरांड्यात धावणाऱ्या पोरांना थांबवण्यात गेलेल्या त्या कानांवर अविश्वास दाखवण्याची कोणाची छाती नव्हती. अडचण एवढीच होती की त्या घरात धावण्याजोगं कोणी नव्हतंच. लिफ्टकाकांचे गुडघे मशीन रूमच्या लोखंडी शिड्या चढण्याउतरण्यात कधीच कामी आले होते. त्यांची बायको फरशीला दुखेल की काय, अशा बेताने चालायची. तिसरा माणूस म्हणजे काकांचा धाकटा भाऊ. तो जन्मात कधी धावला नव्हता, आणि त्याला जाऊन तीन वर्षं झाली होती.

खुलासा साधाच होता. काका रविवारी टीव्हीला जोडलेलं गेमचं यंत्र लावत आणि त्या खेळातल्या माणसाचे बूट वाजत. मास्तरीणबाईंना हे समजावून सांगण्यात आलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "टीव्हीचा आवाज भिंतीतून येतो हो. हा छतातून येतो."

लिफ्टकाका लिफ्ट दुरुस्त करणाऱ्या कंपनीत नोकरीला होते; निवृत्तीनंतरही तपासणीसाठी त्यांना बोलावणं येई. शहरातल्या उंच इमारतींना वर नेणारा हा माणूस स्वतः मात्र लिफ्ट नसलेल्या चार मजली इमारतीत तिसऱ्या मजल्यावर राहत होता, याची थट्टा सगळ्यांनी करून झाली होती. कामात मात्र त्यांच्याशी कोणी थट्टा करत नसे. त्यांचे काही नियम होते. दुरुस्तीनंतर लिफ्ट आधी एकदा रिकामी फिरवायची, सगळ्या मजल्यांवर थांबवायची आणि आपण बाहेर उभं राहून कान द्यायचा. "लिफ्ट बघायची नसते, ऐकायची असते," ते नव्या पोरांना सांगत. काम झालं की तिला तळमजल्यावर, दार मिटून उभी करायची. आणि सर्वांत कडक नियम असा की तपासणाऱ्याने स्वतः एक स्क्रूही पिळायचा नाही. ज्याने काम केलं त्यानेच चूक सुधारायची. तपासणाऱ्याने फक्त पास किंवा नापास लिहायचं. देखभालीच्या कराराचं दरवर्षी नूतनीकरण होई तेव्हा त्या कागदावर शेवटचा रकाना असे: 'लिफ्ट वापरात आहे / नाही'. त्या रकान्यात 'आहे' असेल तोवर करार बंद होऊ देता कामा नये, मग मालक कितीही खळखळ करो.

धाकट्याचे पाय लहानपणापासून अधू. दोन कुबड्यांवर तो घरातल्या घरात हिंडे. तीन मजले उतरायचे असले की दादाच्या पाठीवर. पुढे दादाची पाठ थकली आणि त्याचं बाहेर जाणं महिन्यातून एकदोनदा दवाखान्यापुरतं उरलं. तो एका वास्तुविशारदासाठी घरबसल्या नकाशे काढी. उरलेला वेळ त्या यंत्राचा. त्यातल्या एका खेळात ठोकळ्यावर ठोकळा रचून काहीही बांधता येत असे. आणि धाकट्याने काय बांधावं? किल्ला नाही, महाल नाही, त्याने आपलीच इमारत बांधली. तोच चार मजल्यांचा जिना, तोच गंजका कठडा, मास्तरीणबाईंच्या दारातली तडा गेलेली कुंडीसुद्धा. फक्त जिन्याच्या कडेला त्याने एक लिफ्ट घातली होती.

"दादा, एवढी पास कर," तो म्हणाला.

त्यासाठी दादाचं वेगळं खातं उघडावं लागलं. धाकट्याने वय विचारणाऱ्या चौकटीत 'नऊ' टाकलं आणि दात काढले.

"अरे गाढवा, हे काय केलंस?"

"आता तू लहान मूल, आणि मी तुझा पालक. माझ्या परवानगीशिवाय तुला इथे पान हलवता येणार नाही. आयुष्यभर मला पाठीवर घेऊन हिंडलास ना? घे आता!" आणि त्याने मुलासाठी वेळ बांधून दिली: रविवारी अकरा ते बारा. बाराच्या ठोक्याला दादाचा पडदा आपोआप काळा होई.

वहिनी स्वयंपाकघरातून म्हणाली, "भावजी, यांचं रात्रीचं घोरणंही त्यात बसवता येईल का बघा."

पहिल्याच रविवारी काकांनी घड्याळ लावून लिफ्ट तपासली. चाल झकास, थांबे अचूक. पण दरवाजा उघडून दोन सेकंदांत मिटत होता. त्यांनी वहीत लिहिलं: 'दरवाजा दोन सेकंद. नापास.'

"अरे दादा, इथे मी धावतो. मला दोन सेकंद खूप झाले."

"कुबड्या घेऊन आत यायला तुला नऊ सेकंद लागतात. मी मोजलेत."

"इथे कोणाला कुबड्या नाहीत!"

"लिफ्ट धावणाऱ्यासाठी नसते," काका म्हणाले. "नऊ कर, पास करतो."

दोघेही हट्टी. धाकटा दरवाजा बदलेना आणि दादा वाकेना. दोन वर्षं दर रविवारी हा तंटा रंगत राहिला; खरं सांगायचं तर दोघांनाही तो मिटायला नको होता. मग एका रविवारी धाकटा खोकत खोकत म्हणाला, "आज पास कर ना रे." काका म्हणाले, "पुढच्या रविवारी बघू." धाकट्याची छाती आधीच कमजोर होती. पुढचा रविवार त्याला लाभला नाही.

तेव्हापासून काका दर रविवारी अकराला यंत्र लावत, लिफ्टची रिकामी फेरी घेत, दरवाजा मोजत, वहीत 'दोन सेकंद, नापास' लिहीत आणि लिफ्ट तळमजल्यावर दार मिटून ठेवत. धाकट्याच्या खात्याशिवाय तो दरवाजा बदलता येत नव्हता. आणि आला असता तरी काकांनी त्याला हात लावला नसता.

तिसरं वर्ष सरता सरता एका रविवारी पडद्यावर सूचना आली. सबस्क्रिप्शनची मुदत शुक्रवारी संपत होती. आजवर ती धाकट्याच्या कार्डावरून आपोआप वाढत आली होती; ते कार्डच आता बाद झालं होतं. नूतनीकरण न झाल्यास साठवलेली सगळी बांधकामं कायमची पुसली जातील, असं खाली बारीक अक्षरांत लिहिलं होतं. काकांनी ते बारीक अक्षर चष्मा लावून दोनदा वाचलं आणि आपलं कार्ड काढलं. यंत्राने त्याचे आकडे घेतले आणि पुढे नवी चौकट दाखवली: 'हे खातं लहान मुलाचं आहे. पालकाची परवानगी आवश्यक.'

त्यांनी मदत केंद्राला फोन लावला. पलीकडून एक गोड आवाज आला.

"खातेदार चौदा वर्षांचा दिसतोय. जरा घरातल्या मोठ्यांना फोन द्याल का?"

"मी बासष्ट वर्षांचा आहे. घरात माझ्याहून मोठं कोणी नाही."

"बरं, मग पालक तुम्हीच का?"

"नाही. पालक माझा धाकटा भाऊ."

"मग त्यांना द्या ना फोन."

"तो वारला."

गोड आवाज खाली आला. मुलीने मनापासून सहानुभूती दाखवली आणि मृत्यूचा दाखला पाठवायला सांगितलं. त्यावरून पालकाचं खातं बंद करता येईल म्हणाली.

"आणि त्याने बांधलेली इमारत?"

"खात्याबरोबर सगळंच पुसलं जातं, काका. इमारत ठेवायची तर पालकाला विनंती पाठवा, एवढाच मार्ग आहे. पण तुम्ही म्हणता तसं असेल तर…" वाक्य तिने तसंच सोडून दिलं.

काकांनी फोन ठेवला. मग रिमोट उचलून पडद्यावरचं 'पालकाला विनंती पाठवा' हे बटण दाबलं. 'विनंती पाठवली आहे. उत्तराची वाट पाहा,' अशी अक्षरं उमटली.

बायको दारात उभी होती. "कोणाला पाठवलीत?"

"धाकट्याला."

ती हातातल्या फडक्याची घडी घालत म्हणाली, "बघा वाट. भावजींनी कधी वेळेवर उत्तर दिलंय?"

शुक्रवार आला आणि गेला. काकांनी त्या दिवशी यंत्राकडे पाहिलंही नाही. रविवारशिवाय ते त्यांच्यासाठी उघडत नव्हतंच. रविवारी अकराला त्यांनी ते लावलं ते निव्वळ सवयीने, पुसलेली जागा एकदा डोळ्यांनी पाहून घ्यावी म्हणून.

पडद्यावर लिहिलं होतं: 'पालकाने परवानगी दिली. सबस्क्रिप्शन एक वर्षासाठी चालू.'

बाहेर लख्ख ऊन होतं. खालच्या रस्त्यावर कोणीतरी पाण्याचा पाइप लावून गाडी धूत होतं. काकांनी पुन्हा मदत केंद्राला फोन केला. या खेपेला एक मुलगा होता. त्याने नोंद वाचून दाखवली. परवानगी गुरुवारी दुपारी चार वाजून दहा मिनिटांनी दिली गेली होती. कुठून, तर याच यंत्रावरून. पालकाचा चार आकडी पिन पहिल्याच प्रयत्नात बरोबर टाकला होता.

"काही अडचण आहे का?" मुलाने विचारलं.

"नाही," काका म्हणाले.

गुरुवारी दुपारी काका एका दवाखान्याची लिफ्ट तपासायला गेले होते आणि बायको बहिणीकडे. घराला कुलूप होतं. किल्ल्या दोन, एक काकांच्या खिशात, दुसरी तिच्या पर्समध्ये. आणि पिन धाकट्याने दोघांनाही कधी सांगितला नव्हता.

"तू दाबलंस काही?" काकांनी विचारलं.

"मला टीव्हीचा आवाज कमी करता येत नाही, आणि मी पिन टाकणार?" ती नेहमीच्या ठसक्यात म्हणाली. ती येऊन खुर्चीच्या मागे उभी राहिली. एरवी या खेळाकडे ती कधी फिरकत नसे.

काकांनी पडद्यावरच्या इमारतीत पाऊल टाकलं. तळमजल्यावर लिफ्ट नव्हती. दाराशेजारच्या दिव्यांपैकी तिसरा दिवा पेटलेला होता. गेल्या रविवारी ती त्यांनी स्वतः खाली आणून, दार मिटून ठेवली होती. वहीत तशी नोंद होती. त्यांनी बटणाला हात लावला नाही. बंद जागेतून न सांगता हललेली लिफ्ट बोलवायची नसते, तिच्यापर्यंत चालत जायचं असतं. ते जिन्याने निघाले. टीव्हीतल्या बुटांचा आवाज खोलीभर वाजू लागला. कुंडी मागे पडली. तिसऱ्या मजल्याच्या वळणावर ते थांबले, तरी बूट आणखी दोन पायऱ्या वाजले.

लिफ्ट त्यांच्या स्वतःच्या दारासमोर उभी होती. दरवाजा सताड उघडा. केबिन रिकामी.

काका पुढे सरकताच दरवाजा मिटला. त्यांनी बटण दाबलं, तो पुन्हा उघडला, आणि काकांनी मनगटावरच्या घड्याळाकडे पाहत मोजायला सुरुवात केली. एक. दोन. दरवाजा हलला नाही. तीन, चार. बायकोचे ओठही हलत होते. कुबड्या टेकत, एक पाय ओढत, मध्ये क्षणभर दम खात कोणी आत येऊन वळावं, एवढा वेळ दरवाजा उघडा राहिला. नवव्या सेकंदाला तो सावकाश मिटला.

काकांनी पुन्हा मोजलं. पुन्हा नऊ. मग नियमाप्रमाणे रिकामी फेरी घेतली, प्रत्येक मजल्यावर कान दिला आणि लिफ्ट तळमजल्यावर आणून दार मिटवलं. लिफ्टशेजारी धाकट्याने पाच वर्षांपूर्वीच एक लाकडी पाटी लावून ठेवली होती. तिच्यावर 'तपासणी' एवढंच लिहून पुढची जागा कोरी सोडलेली. काकांनी एकेक अक्षर शोधत तिथे 'पास' लिहिलं. वहीतही लिहिलं आणि खाली सही केली. त्यांचा हात स्थिर होता. सही तेवढी जरा मोठी झाली.

बाराला एक मिनिट कमी होतं. रिमोट काकांनी मांडीवर ठेवून दिला होता. दोन्ही हात वहीवर होते. तळमजल्यावरच्या मिटल्या दारामागे लिफ्ट हलली. पहिला दिवा लागला, दुसरा लागला. तिसरा लागताच पडदा काळा झाला, आणि त्यात खुर्चीतले काका आणि मागे उभी असलेली बायको दिसू लागली.

"अहो," ती हळूच म्हणाली, "बटण न दाबता लिफ्ट हलते का?"

"नाही," काका म्हणाले. "हलत नाही."

दुपारी दूध आणायला ते जिना उतरत होते, तर मास्तरीणबाई दार उघडून जणू वाटच पाहत उभ्या होत्या. कुंडीला एक हात टेकलेला.

"काका, आज दोघं धावत होते. एक वर गेला आणि दुसरा त्याच्या मागोमाग."

काकांनी दुधाची रिकामी पिशवी एका हातातून दुसऱ्या हातात घेतली.

"तुमच्या मिसेस म्हणाल्या, तुम्ही ती वर्गणी पुन्हा वर्षभरासाठी भरलीत." बाईंचा आवाज आता मऊ झाला होता, वर्गातल्या रडणाऱ्या पोरासाठी राखून ठेवलेला तो आवाज असावा. "राग मानू नका, पण ज्याची होती तो पोर गेला. घर रिकामं वाटतं, मान्य आहे मला. पण माणसाने कुठेतरी थांबावं ना? बंद का नाही करून टाकत?"

काका कठड्याला धरून दोन पायऱ्या उतरले, थांबले आणि वळून म्हणाले, "बंद कशी करणार, बाई? वापरात आहे."