फडक्याला पर्याय

बनसोडेंच्या मुलीचा मेसेज सकाळी आला. ‘बाबा काल गेले.’ मी उत्तरात ‘दुःखद निधन’ लिहिलं, पुसलं. मग ‘देहावसान’ लिहिलं, तेही पुसलं. आमच्या पर्यायी शब्दांच्या कोशात ‘मृत्यू’खाली अर्धा रकाना भरलेला आहे आणि तो मीच भरला आहे. त्यातला एकही शब्द त्या मुलीला पाठवण्याजोगा नव्हता. शेवटी जोडलेल्या हातांचं चित्र पाठवून फोन उलटा ठेवला...

नारायण पेठेतल्या आमच्या दोन खोल्यांच्या प्रकाशनात बनसोडे मुद्रितं तपासायचे. येरवड्याहून बसने यायचे. माझ्यापेक्षा सात-आठ वर्षांनी मोठे, तरी मला ‘साहेब’ म्हणत, आणि त्या म्हणण्यात आदर किती नि चिमटा किती हे कधी कळू देत नसत. शाळकरी मुलांसाठी कोश करायचं ठरलं तेव्हा चहा पिताना म्हणाले, “साहेब, सूर्याला पंचवीस शब्द मिळतील. त्याला कुणी हात लावत नाही ना. फडक्याला शोधून दाखवा.” मी हसलो. शोधायला बसलो आणि अडकलो. वस्त्र, पट, अंशुक... यातल्या कशानं ओटा पुसायचा?

दुसऱ्या दिवशी ते बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यात चिठ्ठ्या घेऊन आले. त्यांच्या आईचे आईवडील विदर्भातून पोटासाठी इकडे आलेले, आई येरवड्यात चार घरी धुणंभांडी करायची. तिच्या तोंडचे शब्द ते कितीतरी वर्षं टिपत होते. मसोतं गरम भांडं उतरवायला, पोतेरं जमिनीला, बोळा गळक्या नळाला, चिंधी कापल्या बोटाला. “यातला एक दुसऱ्याच्या जागी चालत नाही,” ते म्हणाले, “म्हणूनच तर अवघड आहे.” प्रत्येक चिठ्ठीवर दोन रकाने होते, ‘दिलं’ आणि ‘हसले’. शब्द उच्चारून वस्तू मागायची. समोरच्यानं न हसता हातात ठेवली तर त्याचं नाव पहिल्या रकान्यात. हीच त्यांची परीक्षा.

एकदा मला मंडईत घेऊन गेले. एका भाजीवालीला अगदी गंभीरपणे म्हणाले, “अर्धा किलो भेद्रं द्या.”

“इथं नाय मिळत. पुढं बघा.”

“हे काय समोर आहेत की, लाल लाल.”

“मग टोमॅटो म्हणायला जीभ झिजते का काका?”

बनसोडेंनी तिथेच चिठ्ठी काढून ‘हसले’खाली ‘मंडई’ लिहिलं, आणि वर टोमॅटोही घेतले. परतताना दगडूशेठच्या गर्दीतून चालताना म्हणाले, “शब्द नापास झाला म्हणून फेकायचा नसतो साहेब. कुठे नापास झाला ते लिहून ठेवायचं.”

त्यांच्या शब्दांचं ‘रोजच्या वस्तू’ असं बावीस पानांचं प्रकरण झालं. ते मी काढून टाकलं. प्रकाशकांनी सांगितलं नव्हतं, कुणीच सांगितलं नव्हतं. शाळा कोश घेतील की नाही ही धास्ती माझी मलाच होती. लाल शाईनं समासात लिहिलं, ‘ग्राम्य. वगळावे.’ आज कबूल करतो, मनात आलेला शब्द ‘ग्राम्य’ नव्हता. तो लिहिण्याजोगा नव्हता, म्हणून त्याला पर्याय शोधला. तेवढा मात्र मला क्षणात सापडला. बनसोडेंना सांगितलं, “जागा कमी पडली हो.”

ती मुद्रितं त्यांच्याकडेच जाणार आहेत हे मी विसरलो होतो. की विसरलो नव्हतो... मला अजून नक्की सांगता येत नाही. चार दिवसांनी गठ्ठा परत आला. माझा शेरा त्यांनी वाचला होता, कारण त्यावर अंमल केला होता. आईच्या प्रत्येक शब्दावर वगळण्याची खूण, सरळ, न थरथरता. पुढचे पानांचे आकडे बदललेले. शेवटी नेहमीसारखं ‘तपासले’ आणि सही. त्यानंतर ते कामाला आले नाहीत. मी फोन केला नाही. कोशाच्या तीन आवृत्त्या निघाल्या. प्रस्तावनेत आभारांच्या यादीत त्यांचं नाव आहे, कागदवाल्याच्या खाली.

पुण्यानुमोदनाला येरवड्याला गेलो. वंदना झाली, माणसं पांगली. मी स्वयंपाकघराच्या दारात उभा राहिलो. वहिनी चहा करत होत्या. पूर्वी मला ‘भाऊजी’ म्हणायच्या. फ्रिजवर तो पत्र्याचा डबा होता.

“वहिनी, त्या चिठ्ठ्या... पुढच्या आवृत्तीत घ्यायचं मनात आहे.”

त्यांनी वळूनही पाहिलं नाही. “आता जागा झाली का, साहेब?”

चहा उतू जाऊ लागला. गॅस बंद करून त्या म्हणाल्या, “ते मसोतं द्या इकडं.”

माझ्या हाताशी खिळ्यावर चौपदरी, कडेला करपलेलं फडकं लटकत होतं. मी ते काढून त्यांच्या हातात दिलं. हसलो नाही. त्यांनी पातेलं उतरवलं, ओट्यावर सांडलेलं वेगळ्या कपड्यानं पुसलं, आणि मसोतं पुन्हा त्याच खिळ्याला अडकवलं. ‘दिलं’च्या रकान्यात माझं नाव लिहिणारा माणूस घरात नव्हता. डबा मी पुन्हा मागितला नाही.