शेप्याचं तिकीट

"गावचं नाव म्हणजे नुसती हाक, वहिनी. झाडाची खरी ओळख लॅटिनमध्ये."

देवीलालभाऊंचं हे पालुपद ऐकलं नाही असा माणूस बोरी अरब गावात सापडायचा नाही. दिग्रसच्या एसटीवर त्यांनी जन्मभर तिकिटं फाडली. रिटायर झाल्यावर कुठूनसं एक जाडजूड पुस्तक हाती लागलं, आणि उतारवयात ते झाडांना तिकिटं लावत सुटले. पत्र्याची चकती, तिच्यावर पांढऱ्या रंगात नाव, तारेनं फांदीला आवळलेली. झाड कुठं उतरून जाणार होतं, देव जाणे.

शेजारच्या तुळसाबाईला हे ज्ञान कुंपणावरून रोज मिळे, न मागता.

"पळस म्हणजे ब्युटिया मोनोस्पर्मा. ब्युट नावाचा विलायतेतला सरदार, त्याच्यावरून ब्युटिया. मोनोस्पर्मा म्हणजे शेंगेत एकच बी."

"आलता का तो सरदार इकडं पळस पाह्याले?"

"तो कशाला येईल?"

"मंग त्याचं नाव काहून? पळसाले पानं तीनच, हे आमच्या लेकराइले ठावं हाये. तुमचा सरदार बी मोजत बसला!"

चिंचेच्या वेळी तर तिला तोंडाला पदर लावावा लागला. अरब चिंचेला तमर-हिंदी, म्हणजे हिंदचा खजूर म्हणाले, त्याचं झालं टॅमरिंडस. लॅटिनवाल्यांनी वर इंडिका जोडलं, म्हणजे पुन्हा हिंदचंच. "हिंदचा खजूर, हिंदचा," तुळसाबाई म्हणाली. "आपल्या गावात असं बोलणाऱ्याले येडा म्हणतेत, भाऊ."

हसण्यावारी होतं तोवर ठीक होतं.

तिच्या शेताच्या बांधावर, म्हणजे धुऱ्यावर, आंब्यांची ओळ होती आणि प्रत्येक झाडाला सासूनं ठेवलेलं आपापलं नाव. लालबुंद तो शेंदऱ्या, घट्ट गराचा तो खोबऱ्या, लोणच्याचा गोट्या. आणि शेप्या. त्याचा रस काढला की घरभर बडीशेपेचा वास दरवळे. तसा आंबा साऱ्या पंचक्रोशीत दुसरा नव्हता. तो आतून पोखरला जाऊ लागला, तेव्हा तिनं दिग्रसहून अब्दुल गनींना बोलावलं. गनीभाईंनी शेप्याच्या काड्या घेऊन अंगणातल्या कुंड्यांतल्या रोपांवर कलमं बांधली. हात लागलाच होता म्हणून बाकीच्या झाडांचीही बांधली. कोणतं कोणाचं ते कळावं म्हणून प्रत्येक कलमाला चिंधी. शेप्याला तिच्या लाल लुगड्याची.

त्याच पावसाळ्यात एका वाऱ्यात शेप्या आडवा झाला. तुळसाबाई रडली नाही. अंगणात लाल चिंधीच्या वर तांबूस पालवी फुटत होती.

मग ती लेकीच्या बाळंतपणाला मुकुटबनला गेली. कलमांना पाणी घालायचं काम देवीलालभाऊंवर टाकून गेली. हीच तिची चूक.

परतली तेव्हा अंगणात पत्रे चमकत होते. कलमं उंचीप्रमाणे शाळेतल्या पोरांसारखी उभी केलेली, आणि साऱ्यांच्या गळ्यात एकच नाव. चिंधी एकही नव्हती.

"चिंध्या कुठं हायेत, भाऊ?"

"जाळल्या. अडाणीपणा दिसत होता. आता पाहा, मँगीफेरा इंडिका! म्हणजे आंबे धरणारं, हिंदुस्थानातलं."

"आंब्याच्या झाडाले आंबे लागतेत, हे सांगाले पत्रा लागते? यातला शेप्या कोणता?"

"शास्त्रात शेप्या नाही, वहिनी. सगळे एकच."

"मले शास्त्र नाही खायाचं. शेप्या दाखवा."

देवीलालभाऊंनी पहिल्या कलमाकडे पाहिलं, मग शेवटच्याकडे. काखेतलं पुस्तक उघडलं, चाळलं, मिटलं.

निरोप मिळताच गनीभाई आले. पानं उलटीपालटी करून त्यांनी मान हलवली. "फळ धरल्याबिगर कोई नहीं बता सकता, भाभी. तीन-चार साल तो रुकना पडेगा."

तुळसाबाई ओळीतल्या प्रत्येक कलमाला हात लावत गेली. मग देवीलालभाऊंकडे वळली.

"एकही मरू द्याचं नाही. माहा शेप्या कोणात हाये, हे तुमच्या पुस्तकालेही ठावं नाही. सारे धुऱ्यावर लावू. अन् फळ धरेलोक, तीन वर्षं लागो का चार, पाणी तुम्ही टाकाचं."

"मी? वहिनी, मले कंबरेचा त्रास हाये, डॉक्टर म्हणे..." लॅटिन गेलं आणि वऱ्हाडी परत आली.

"त्या त्रासाचं लॅटिन नाव सांगू नका. बाल्ट्या तिथं हायेत."

देवीलालभाऊंनी पुस्तक ओसरीवर ठेवलं, दोन्ही बाल्ट्या उचलल्या आणि विहिरीच्या वाटेला लागले. वाटेत चिंच लागते. तिच्यावरची चकती वाऱ्यानं खडखडली, पण त्यांनी मान वर केली नाही. ओसरीवर गनीभाईंनी बिडी पेटवली. तुळसाबाई कमरेवर हात ठेवून, देवीलालभाऊ वळणाआड होईपर्यंत पाहत उभी होती.