मागच्या रांगेची बिस्किटं

आमची आत्या शिवणकाम करते आणि आजीच्या पद्धतीने अक्रोडाची बिस्किटं भाजते. जुना ओव्हन मागच्या बाजूला जास्त तापायचा, त्यामुळे मागची रांग हमखास करपायची आणि घरात भांडणं व्हायची ती नेमकी त्याच रांगेवरून. शेवटी तो मोडीत गेला. नव्या ओव्हनमधून सगळी बिस्किटं एकसारखी सोनेरी निघाली, तशी आत्या भडकली. तिने तडक दुरुस्तीवाल्याला बोलावलं.

"ओव्हन उत्तम चाललाय," तो म्हणाला.

"डोंबलाचं उत्तम! मागची रांग करपतच नाही."

तो हसायला लागला. आत्याने डब्याच्या तळाशी जपून ठेवलेलं जुन्या ओव्हनमधलं शेवटचं काळपट बिस्किट त्याच्या हातावर ठेवलं. त्याने ते खाल्लं, बोटं चाटली आणि मुकाट्याने स्क्रूड्रायव्हर काढला.

"बोला ताई, किती बिघडवू?"