वारं कुठल्या अंगावरून गेलं?

दवाखान्यात नोकरी केली की किस्से गोळा करावे लागत नाहीत. ते आपल्या पायांनी चालत येतात, नाहीतर चार जण त्यांना बाजेवर घालून आणतात! इंग्रजांच्या अमदानीत मी शहाद्याच्या एका दवाखान्यात कंपाउंडर होतो. ताप, खोकला, विंचू हे रोजचंच होतं, ते मी विसरून गेलो. डोक्यात राहिले ते अंगावरून वारं गेलेले, म्हणजे लकव्याचे पेशंट. याला कारण आमचे डॉक्टरसाहेब.

साहेब पुण्याकडचे. लकव्याचा पेशंट आला की नाव-गाव राहिलं बाजूला, त्यांचा पहिला प्रश्न ठरलेला. "वारं कुठल्या अंगावरून गेलं? उजव्या की डाव्या?" मेंदूचा कारभार उलटा असतो, असं ते सांगायचे. डावा मेंदू उजवं अंग हलवतो, आणि बोलण्याचं खातंही बहुतेकांचं त्या डाव्या मेंदूतच. म्हणून उजवं अंग गेलं की बऱ्याचदा वाचाही जाते. डावं अंग गेलं तर बोलणं शाबूत! हे त्यांनी मला इतकं घोकवलं होतं की जेवताना पानातली डावी-उजवी बाजू बघितली तरी मला मेंदू आठवायचा.

*

म्हसावदहून एकदा एका म्हाताऱ्याला आणलं. गावात ज्याच्याशी भांडण झालं नाही असा माणूस उरला नव्हता, इतका तोंडाळ. बाज खाली ठेवताना जरा धक्का बसला, तर उचलणाऱ्यांच्या सात पिढ्यांचा उद्धार झाला!

साहेबांनी तपासलं. डावं अंग गेलेलं. त्यांनी हसतमुखाने मुलाच्या पाठीवर हात ठेवला. "काळजी करू नका. यांचं बोलणं अगदी पहिल्यासारखं राहणार."

मुलगा मटकन बाकावर बसला. "काईच उपाय नही का, साहेब?"

गंमत म्हणजे, काही महिन्यांनी तोच मुलगा वेगळीच तक्रार घेऊन आला. म्हाताऱ्याचे शब्द सगळे जागेवर होते, पण आवाजातला चढ-उतार गेला होता. शिवीही त्याच सुरात आणि "ये, बस"ही त्याच सुरात. "बाप रागावना का लाड करी ऱ्हायना, काईच समजत नही," मुलगा म्हणाला. "पहिले बरं व्हतं. रागावना का पळी जावो!"

बोलण्याचा सूर उजव्या मेंदूकडे असतो, हे साहेबांनी त्याला समजावलं. त्याने ऐकून घेतलं आणि सूर येण्याचं औषध मागितलं.

*

एक गुरुजी होते. पेन्शनीत निघालेले, शहाद्यातच घर. त्यांचं उजवं अंग गेलं आणि वाचा बंद झाली. पाणी हवं, तर 'पाणी' म्हणता येईना. पण कुणी "बे एके बे" सुरू करून दिलं की गुरुजी थेट शेवटापर्यंत! जन्मभर जे ओळीने म्हटलं, ते ओळीनेच बाहेर यायचं. मधला एक आकडा सुटा काढायचा म्हटला तर जमत नसे.

त्यावर गुरुजींनी स्वतःच तोड काढली. सुनेने विचारलं, "भाकरी किती वाढू?" की ते एकपासून म्हणायला लागायचे आणि हव्या त्या आकड्यावर थांबायचे. घरात सगळ्यांना सवय झाली.

एक दिवस थांबण्याच्या जागी त्यांना ठसका लागला. ठसका गेला, पण थांबायचं राहून गेलं. विसाच्या पुढे आकडा गेला तशी सून चुलीपुढून ओरडली, "मामंजी, थांबा! पीठ संपलं!"

*

आमच्या बाजारात एक कापडवाले शेठ होते. घराणं मूळ मारवाडातलं. घरात मारवाडी बोलायचे, सुरतकडच्या व्यापाऱ्यांशी गुजराती, कचेरीत मराठी आणि गिऱ्हाइकाशी अहिराणी. चारही भाषा अशा पाण्यासारख्या! त्यांनाही उजव्या अंगाचा झटका आला आणि चारही भाषा एकदम बंद पडल्या.

साहेब म्हणाले, "धीर धरा. बहुधा लहानपणची भाषा आधी परत येते." झालं! घरचे सगळे पलंगाभोवती मारवाडी शब्दाची वाट बघत बसले. एका सकाळी शेठचे ओठ हलले. शेठाणी घुंघट सावरून पुढे झाल्या. शेठनी त्यांच्याकडे नीट बघितलं, तोंडभर हसले आणि म्हणाले,

"बोल बहीन, काय दखाडू?"

शेठाणी तडक आत गेल्या त्या संध्याकाळपर्यंत बाहेर आल्या नाहीत. साहेबांनी मुलामार्फत निरोप धाडला, की यात शेठचा काही दोष नाही, दिवसभर जी भाषा तोंडात होती ती आधी वर आली. आतून उलटा निरोप आला. "दुकान वाचलं ना? मग आता जेवायलाही गिऱ्हाइकांकडेच जा म्हणावं!"

*

साहेबांचा नियम एकदाच तोंडावर आपटला. सातपुड्यातून पावरा जमातीचा एक गडी आला. उजवा हात, उजवा पाय लुळा, आणि बोलतोय मात्र धबधबा! आम्हाला पावरी येत नव्हती, म्हणून बरोबरचा भाऊबंद मराठी करून सांगत होता.

साहेब वैतागले. "याला बोलता येता कामा नये!"

भाऊबंदाने ते इमानाने त्याला सांगितलं. पेशंटने काहीतरी विचारलं. भाऊबंद म्हणाला, "साहेब, तो म्हणतो, गप्प बसू का?"

मग चिलीम निघाली, ती त्याने डाव्या हाताने धरली. भाऊबंद म्हणाला, हा जन्मापासूनच डावखुरा, तीरही डाव्याच हाताने ओढायचा. डावखुऱ्यांमधल्या काहींचं बोलण्याचं खातं उजव्या मेंदूत असतं, हे साहेबांना तेव्हा आठवलं. त्या दिवसापासून प्रश्नाला शेपूट जोडलं गेलं. "वारं कुठल्या अंगावरून गेलं, आणि जेवता कुठल्या हाताने?" दुसरा प्रश्न ऐकून लोकांना राग यायचा!

*

ब्राह्मणपुरीच्या एका भजनी बुवांचंही बोलणं गेलं होतं, पण गाणं शाबूत. बोलायला गेले की नुसतं "अं अं", आणि चाल धरली की शब्द सुटायचे. साहेब म्हणाले, गाण्याला उजवा मेंदूही हात देतो, तेव्हा जे मागायचं ते चालीवर मागा. बुवांना चाली उदंड पाठ.

एक दिवस व्हरांड्यात त्यांनी आरतीच्या चालीवर तंबाखू मागितली. बाकावरचे सगळे पेशंट उठून उभे राहिले आणि टाळ्या वाजवायला लागले. एकाने तर डोक्यावरचं फडकं काढून खाली ठेवलं. आरती संपली तेव्हा बुवांनी हात पुढे केला. कुणीतरी त्यावर साखर ठेवली!

*

आता केसरबाईचा किस्सा.

केसरबाई कळसाडीची. कापूस वेचता वेचता शेतातच पडली. उजवं अंग गेलं, वाचा गेली. दोन-चार आठवड्यांनी बाई काठीवर चालायला लागली आणि तोंडातून एक शब्द फुटला. फक्त एक! पाणी हवं असलं तरी तोच, भूक लागली तरी तोच, म्हैस सुटली तरी तोच. आणि तो शब्द म्हणजे नवऱ्याचं नाव!

"सुपडू!"

तुम्हाला आज यात काय विशेष असं वाटेल. त्या काळी बाई नवऱ्याचं नाव घेत नसे. घेतलं तर नवऱ्याचं आयुष्य कमी होतं, असा पक्का समज. लेकीचं लग्न होऊन गेलं, तरी केसरबाईला तोवर कुणी ते नाव घेताना ऐकलं नव्हतं. आता चारचौघांत तेच निसटायचं आणि बाई डाव्या हाताने पदर तोंडात कोंबायची. डोळे भरून यायचे तिचे. मला फार वाईट वाटायचं.

सासू तिला घेऊन आली ती भांडायच्या तयारीनेच. मागे सुपडू, खाली मान घालून.

"डॉक्टरसाहेब, इन्ही जीभले कुलूप लावा! दिनभर मन्हा पोऱ्यानं नाव ली ऱ्हायनी. तो मरी जाई! नही जमत तर सांगा, इले मी माहेरले धाडी देसू."

माहेरी भाऊ-भावजय. अशा अधू बाईला तिथे कोण ठेवून घेणार, हे सगळ्यांनाच ठाऊक होतं. केसरबाईलाही. ती बोलू शकत नव्हती, पण तिला समजत सगळं होतं.

साहेबांनी म्हातारीला डावा मेंदू, उजवा मेंदू सगळं सांगितलं. बाई मुद्दाम नाव घेत नाही. मनात शब्द खूप आहेत, पण वाट बंद झाली आहे. एखादाच शब्द, फार घट्ट बसलेला, तेवढा बाहेर पडतो.

म्हातारी विचारात पडली. साहेबांना वाटलं, पटलं. मग ती उसळून म्हणाली, "म्हंजे इतला वरीस ती मनमा त्यानं नावच घोकी ऱ्हायनी व्हती!"

केसरबाईने तोंड भिंतीकडे फिरवलं. म्हातारी उठली. "चाल वं. आजच धाडस तुले."

तेव्हा सुपडू पहिल्यांदा बोलला. एरवी मितभाषी माणूस. आईसमोर तर त्याचा आवाज कुणी ऐकला नसेल.

"माय, मन्हा आगोदरना पोरं जगनात नही. म्हनीसन तू मले सूपमा टाकं, उकिरडावर ठेवं नि सुपडू नाव दिधं. काब्र?"

"काब्र म्हंजे? यमले फसाडाले! त्याले वाटाले पाहिजे, हाई टाकेल पोर शे."

"मंग हाई नाव यमनी कितलाबी डाव आयकं, तरी त्याले काय समजी?"

यमाला चकवण्यासाठी म्हातारीनेच ठेवलेलं नाव! त्याने आयुष्य कमी होतं म्हणावं, तर पोराला वाचवणारी तिची युक्तीच खोटी ठरत होती. तिने माझ्याकडे बघितलं, साहेबांकडे बघितलं, आणि सुनेच्या हातात काठी दिली.

"घर चाल," म्हणाली. माहेरचा विषय त्यानंतर निघाला नाही.

घरी मग गंमतच झाली. शब्द एक, पण सूर सगळे शाबूत! लांबवून म्हटलं की पाणी, तोडून म्हटलं की म्हैस सुटली, हळू म्हटलं की जेवायला या. सुपडूला सगळं समजायला लागलं. म्हातारीलाही समजायचं, पण ती कबूल करत नव्हती. नाव ऐकलं की सुपडू हातातलं काम टाकून उठायचा. गावातली माणसं त्याला चिडवायची, तर तो नुसता हसायचा.

उन्हाळ्यात आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, आली. लेक माहेरपणाला आली. झाडाला झोके बांधले, बायका गाणी म्हणायला लागल्या. साहेबांनी सांगून ठेवलं होतं, केसरबाईला मधोमध बसवा आणि गाऊ द्या. ती आधी गुणगुणली, मग अख्खी ओळ म्हणाली. लेक रडायला लागली. त्यानंतर हळूहळू गाण्यातले शब्द सुटे व्हायला लागले. पानी. भाकर. माय.

पावसाळा संपता संपता सुपडू दवाखान्यात आला. एकटाच. साहेब तर खुशीत. आपलाच पराक्रम, दुसरं काय!

"काय सुपडू? मंडळी बोलायला लागल्या ना?"

"हा साहेब. पानी म्हनस, भाकर म्हनस, म्हैस म्हनस, बठ्ठं म्हनस. मायशी भांडस बी."

"आणि तुला हाक कशी मारते?"

"आयकं का, म्हनस."

"मग झालं की! आता कसलं औषध?"

सुपडू टोपी हातात घेऊन उभा राहिला. दाराशी कुणी नाही ना, ते त्याने बघून घेतलं. मग माझ्या टेबलाजवळ आला आणि अगदी हळू आवाजात म्हणाला,

"बठ्ठं परत उनं, साहेब. मन्हं नाव तेवढं गयं. त्यानं काई औषध शे का?"