सातवी ‘अ’चे बडे बाबू

सरकारी इंग्रजी लिहायचे असते, तोंडाने बोलायचे नसते, हे मला वयाच्या छत्तिशीत, जयपूरच्या एका शाळेत, लहान मुलांच्या बाकावर गुडघे पोटाशी घेऊन बसलो असताना कळले. तोवर माझे सगळे आयुष्य ते लिहिण्यात गेले होते आणि आपण ते फार सुरेख लिहितो असा माझा समज होता. (समज अजून पुरता गेलेला नाही, हेही आत्ताच कबूल केलेले बरे.)

साठ सालच्या आसपासची गोष्ट. आमचे मूळचे वाईचे बिऱ्हाड सरकारी बदल्यांच्या कृपेने फिरत फिरत जयपूरला आले होते. चांदपोल दरवाज्याच्या आत, एका गुलाबी भिंतीच्या घरात, माडीवर दोन खोल्या. मी केंद्र सरकारच्या एका कार्यालयात हेडक्लार्क होतो. तिकडे हेडक्लार्कला ‘बडे बाबू’ म्हणतात आणि ते ऐकताना छाती आपोआप दोन बोटे पुढे येते. माझ्या मसुद्यातला स्वल्पविराम हलवायची साहेबांचीही छाती होत नसे. माझी पत्नी कुमुद हिला जयपूरचे सगळे आवडे, फक्त उन्हाळ्यातली धुळीची वादळे आणि माझ्या मसुद्यांचे कौतुक या दोन गोष्टी सोडून. दोन्हींच्या वेळी ती खिडक्या लावून घेई.

आमचा एकुलता एक शरद त्या वर्षी सातवीत गेला. घरी मराठी, गल्लीत हिंदी, त्यामुळे दोन्हींची खिचडी बोलणारा, हसरा मुलगा. शाळेने त्या वर्षी हुशार मुलांसाठी विशेष इंग्रजीची ‘अ’ तुकडी काढली आणि त्यात शरदचे नाव आले. मी ऑफिसात पेढे वाटले. (साहेबांना दोन दिले.)

या वर्गाकडून काय अपेक्षा ठेवायची, हे सांगायला त्यांच्या माथुर मॅडमनी पालकांना बोलावले. चष्म्याच्या वरून बघणाऱ्या, शांत बाई. त्या म्हणाल्या की इथे मुले नियम घोकणार नाहीत. गोष्टी वाचतील, एकमेकांना प्रश्न विचारतील, वाद घालतील, भरपूर चुका करतील. दर शनिवारी काही मुलांनी उभे राहून घरातल्या एखाद्या गोष्टीबद्दल स्वतःच्या शब्दांत बोलायचे. दिवाळीपर्यंत ज्याला हे जमणार नाही, त्याला परत ‘ब’ तुकडीत जावे लागेल.

“बस एक बात है,” शेवटी त्या म्हणाल्या, “घर से कुछ लिखकर मत दीजिए.”

सगळ्या पालकांनी माना हलवल्या. माझी सगळ्यांत जोरात हलली, कारण मॅडम हे बाकीच्या पालकांना सांगत आहेत याबद्दल मला शंकाच नव्हती.

शरदच्या पहिल्या शनिवारचा विषय होता ‘माझ्या ओळखीचा प्राणी’. शरदला घरमालकांच्या बकरीवर बोलायचे होते. या बकरीने नुकताच कुमुदच्या वाळत घातलेल्या पातळाचा पदर खाल्ला होता. प्रसंग चांगला होता, पण शरदची मांडणी मला अगदीच उघडीवाघडी वाटली. बकरी आली, पातळ खाल्ले, आई धावली, बकरी पळाली. याला काय इंग्रजी म्हणायचे? मी डोक्याला पंचा गुंडाळला, पेन्सिलीचे टोक जिभेला लावले आणि बसलो.

ते भाषण मराठीत सांगायचे तर साधारण असे होते: “एक. उपरोक्त विषयास अनुसरून सादर निवेदन करण्यात येते की, घरमालकांच्या मालकीची एक बकरी आहे. दोन. सदर बकरीने सदर पातळाचा अंशतः उपभोग घेतल्याचे निदर्शनास आले आहे. तीन. याबाबत बकरीकडे विचारणा केली असता समाधानकारक खुलासा प्राप्त झाला नाही.”

“बाबा,” शरद म्हणाला, “मतलब बकरीने पातळ खाल्लं, एवढंच ना?”

“तसं कोणीही सांगेल,” मी म्हणालो.

गुणी पोर. आकड्यांसकट पाठ केले. शनिवारी मी दारातच उभा होतो.

“कसं झालं?”

“सगळे हसले,” शरद चप्पल काढत म्हणाला.

“आणि मॅडम?”

“मॅडमपण.”

मला धन्य वाटले. खुलाशाचे वाक्य मी हसण्यासाठीच घातले होते, पण सातवीतल्या मुलांना ते कळेल असे वाटले नव्हते. मी लगेच बाजारात जाऊन मिश्री मावा, म्हणजे तिकडची खव्याची मिठाई, घेऊन आलो. कुमुदने एवढेच विचारले, “सगळे हसले, मग हा का नाही हसत?” मी तिला सांगितले की चांगला वक्ता स्वतः हसत नसतो.

तिथून मला थांबवणे अवघड झाले. श्रावणातल्या तीजेच्या सणाच्या मिरवणुकीवर मी असे भाषण लिहिले की हत्ती, उंट आणि पालखी यांची वर्गवारी ‘अ’, ‘ब’, ‘क’ अशी पोटकलमांत झाली. रेल्वेच्या प्रवासावर लिहिले त्यात गाडी उशिरा येण्याची कारणे होती, पण गाडी नव्हती. आणि प्रत्येक भाषणाच्या शेवटी, मसुदा पुरा वाटावा म्हणून, हात आपोआप चाले: ‘प्रत माहितीसाठी: मुख्याध्यापिका.’ हे वाक्य बोलायचे नाही हे शरदला सांगायचे माझ्या लक्षात राहिले नाही. माझ्या अक्षरातले सगळे पवित्र आहे असे मानणारा तो मुलगा दर वेळी ताठ उभा राहून, मोठ्या आवाजात, मुख्याध्यापिकांना प्रत पाठवत राहिला.

त्याची पाळी असलेल्या दर शनिवारी मी विचारी, “कसं झालं?” आणि दर शनिवारी उत्तर येई, “सगळे हसले.” मिश्री मावा येतच होता. फक्त शनिवारी सकाळी शरदचे पोट दुखू लागले होते. कुमुदने त्याचा दोष माव्याला दिला, मी जयपूरच्या पाण्याला दिला.

मग एका रविवारी जिन्यात पावले वाजली. दारात शाळेची तीन मुले उभी. त्यांनी कुमुदला विचारले, “आंटीजी, बडे बाबू हैं?”

मी आतून ऐकले. ऑफिसचे काही तातडीचे काम असेल, मुलांच्या हाती निरोप आला असेल, असे समजून मी बनियनवर घाईने शर्ट चढवला, केसांवरून हात फिरवला आणि गंभीर चेहऱ्याने बाहेर आलो. मुलांनी माझ्याकडे पाहिले, मी मुलांकडे पाहिले.

“बोलो,” मी म्हणालो.

“अंकल, हमें शरद चाहिए,” त्यांतला एक म्हणाला.

शरद माझ्या मागे उभा होता. कानाच्या पाळ्या लाल. तो पतंग घेऊन त्यांच्याबरोबर खाली उतरला. मी कुमुदला म्हणालो, “बघितलंस? बापाचा हुद्दा मुलाला मिळाला. केवढा मान देतात पोरं.” कुमुदने उठून खिडकी लावून घेतली. बाहेर वादळबिदळ काही नव्हते.

दिवाळी जवळ आली तसा माथुर मॅडमचा निरोप आला की पालकांनी भेटावे. मी लग्नातला कोट काढला. कुमुदलाही बरोबर घेतले, कारण कौतुक एकट्याने ऐकण्यात काही मजा नाही. टांग्यातून जाताना मी नम्रपणे काय उत्तर द्यायचे ते ठरवूनही ठेवले.

मॅडमनी आम्हाला बाकांवर बसवले. शरद फळ्याजवळ उभा होता. मॅडम म्हणाल्या की मुलगा हुशार आहे, गप्पांत, प्रश्नोत्तरांत तर सगळ्यांच्या पुढे असतो, इंग्रजीत भांडतोसुद्धा. पण शनिवारी त्याला काहीतरी होते. उभा राहिला की तो बारा वर्षांचा राहत नाही. वर्ग हसून लोळतो, हा बोलतच राहतो. असेच चालले तर त्याला ‘ब’ तुकडीत पाठवावे लागेल. मग त्यांनी आवाज खाली आणला.

“बुरा मत मानिए. आपके घर में कोई बुज़ुर्ग हैं? बहुत ही बुज़ुर्ग? अंग्रेज़ों के ज़माने के?”

मी कोटाच्या बटणाशी खेळत राहिलो. ठरवून ठेवलेले नम्र उत्तर इथे कुठेच बसत नव्हते. कुमुदने पदर तोंडाला लावला. ती हसते आहे की रडते आहे हे मी आजवर विचारलेले नाही. मी तोंड उघडणार, तेवढ्यात फळ्याजवळून आवाज आला.

“जी मॅडम. दादाजी हैं.”

माझे वडील शरदच्या जन्माआधीच वारले होते. पण पोराने बापाला वाचवायला आजोबाला परत आणले, आणि बाप गप्प बसला. एवढी चोख मदत मला ऑफिसात कधी कुणी केली नव्हती.

मॅडमचा चेहरा उजळला. म्हणाल्या, म्हातारी माणसे मायेने करतात, त्यांचे मन दुखवू नका, पण एवढे थांबवा. येत्या शनिवारी मुलाला शेवटची संधी देते, विषय ‘आमच्या घरातले एक माणूस’. आईवडिलांनी मागे बसून ऐकावे.

तो आठवडा मी कसा काढला ते माझे मला ठाऊक. शुक्रवारी संध्याकाळी मी सहज म्हणून पेन्सिल हातात घेतली. निदान शेवटचा परिच्छेद तरी, असे म्हणालो. कुमुदने ती माझ्या हातातून काढून घेतली, आपल्या अंबाड्यात खोचली आणि भाकऱ्या थापायला बसली. तिथून ती परत मागण्याचा धीर मला झाला नाही.

शनिवारी शरद उभा राहिला. हातात काही नाही. मुले आधीच हसायच्या तयारीत बसलेली. मागून कोणीतरी हळूच म्हणाले, “बडे बाबू, पॅरा वन.”

शरद म्हणाला, माझे आजोबा इंग्रजी लिहितात. वाक्ये लहान लहान होती, बकरी आली, बकरी पळाली अशी. लिहिताना ते डोक्याला पंचा गुंडाळतात. पेन्सिल चाटतात. (हशा.) एक वाक्य झाले की मोठ्याने वाचतात आणि आमच्याकडे बघतात. आम्ही ‘छान’ म्हणेपर्यंत पुढचे लिहीत नाहीत. (पुन्हा हशा. मीही हसलो. हसणे भाग होते.) त्यांनी बकरीकडून खुलासा मागितला होता. शनिवारी ते दारात उभे राहतात आणि विचारतात, कसे झाले. मी सांगतो, सगळे हसले. मग त्यांना इतका आनंद होतो की ते धावत जाऊन मिठाई आणतात.

एकदाही माझ्याकडे त्याने पाहिले नाही.

“तुम्ही मला हसता हे मी त्यांना सांगितले नाही,” तो पुढे म्हणाला. “दिवसभर ते दुसऱ्यांसाठी लिहितात. संध्याकाळी माझ्यासाठी लिहितात. तेव्हा ते सगळ्यांत जास्त खूश असतात. म्हणून मी तुम्हाला हसू दिले.”

आणि खाली बसला. मघाशी ‘पॅरा वन’ म्हणणारा मुलगा बाकावरची शाई नखाने खरवडत होता. माथुर मॅडम चष्मा काढून पुसत होत्या. कुमुदला इंग्रजी येत नव्हते. तिने माझ्या बाहीला धरून विचारले, “काय म्हणाला हो?” मी कोटाच्या खिशात रुमाल शोधू लागलो. तिने माझ्या तोंडाकडे पाहिले आणि म्हणाली, “बरं, राहू दे. कळलं.”

शरद ‘अ’ तुकडीतच राहिला. निघताना मॅडमनी मला हात जोडले. “आपके पिताजी बडे प्यारे आदमी हैं. उन्हें मेरा प्रणाम कहिए.”

“कहूँगा,” मी म्हणालो. दुसरे काय म्हणणार?

पण प्रकरण तिथे मिटले नाही. मॅडम बाजारात भेटल्या की दादाजींची चौकशी करत. मला त्यांच्या गुडघ्यांबद्दल, झोपेबद्दल काहीबाही सांगावे लागे, आणि सांगता सांगता माझे स्वतःचे गुडघे दुखू लागले. दिवाळीला त्यांच्याकडून मिठाईचा डबा आला. दादाजींना दात नसतील म्हणून सगळा मऊ मऊ मावा. तो मी खाल्ला. शरद समोर बसून बघत होता. शेवटी म्हणाला, “दादाजी, मलापण थोडा द्या ना.” त्या दिवसापासून घरात माझे तेच नाव पडले, आणि शनिवारचे पोट दुखणे थांबले.

दोन वर्षांनी माझी बदली झाली. निरोप घ्यायला आम्ही मॅडमच्या घरी गेलो तर त्या काळजीने म्हणाल्या, “इतना लंबा सफ़र दादाजी कर लेंगे?” मी म्हणालो, सांभाळून नेऊ. आणि खरेच नेले. बिछान्याच्या वळकटीबरोबर, तांब्यापितळेच्या भांड्यांबरोबर ते आमच्यासोबत गावोगाव हिंडले. आता माझे केस पांढरे होऊ लागलेत, गुडघे खरोखरच दुखतात, आणि दादाजींना सोंग करावे लागत नाही.

हा मजकूर लिहून झाल्यावर मी शरदला वाचायला पाठवला. त्याने परिच्छेदांचे आकडे काढून टाकले, चार ठिकाणचे ‘सदर’ खोडले आणि बकरीला हात लावला नाही. शेवटची ओळ मात्र राहू द्या म्हणाला.

प्रत माहितीसाठी: माथुर मॅडम, जयपूर.