काटेकाकांची श्वासनळी

आमच्या ह्यांचं आडनाव काटे नाही. पण चौकातल्या टॅक्सीवाल्यांपासून शाळेच्या बसच्या ड्रायव्हरपर्यंत सगळे ह्यांना काटेकाकाच म्हणतात. एकतीस वर्षं झाली, आमचं पंक्चरचं दुकान आहे. हवा भरायच्या आधी हे मीटरच्या काचेवर नखाने दोनदा टकटक करणार, काटा शून्यावर आहे का बघणार, मगच नळी लावणार. मागे गाड्यांची रांग लागो नाहीतर कुणी हॉर्न बडवो, ह्यांना काही फरक पडत नाही. "काटा खोटा तर सगळं खोटं," एवढं एकच ह्यांचं तत्त्वज्ञान, आणि ते ऐकून ऐकून माझे कान किटलेत.

गेल्या वर्षी न्यूमोनियातून हे मरता मरता वाचले. सतरा दिवस घशात नळी घालून मशीनवर होते. घरी आले तेव्हा वाटलं, सुटलो एकदाचे. दोन महिन्यांत धाप लागायला लागली. सगळे म्हणाले, दमा. पंप झाले, गोळ्या झाल्या, काडीचा फरक नाही. शेवटी छातीच्या दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाईंनी दुर्बीण आत घालून बघितलं आणि आम्हा दोघांना समोर बसवलं. मशीनची नळी जिथे टेकली होती, तिथली जखम भरताना ह्यांची श्वासनळी आवळली गेली होती.

"इथे बोटाएवढी वाट हवी," बाई म्हणाल्या, "काकांची पेन्सिलीपेक्षा बारीक उरलीय. एखाद्या सर्दीत कफाचा गोळा अडकला, तर वाट बंद."

वाट बंद म्हणजे काय ते त्यांनी सांगितलं नाही, मी विचारलं नाही.

उपाय त्यांनी सांगितला. दुर्बिणीतून एक छोटा फुगा तिथवर न्यायचा, फुगवायचा आणि नळी रुंद करायची.

"फुगा... आतच राहणार?" ह्यांनी विचारलं. "मग तो पंक्चर झाला तर?"

कपाळ माझं! ह्यांनी श्वासनळीचा टायर केला होता आणि फुग्याची ट्यूब.

बाई हसल्या नाहीत, हे मला आवडलं. "नाही काका. अर्धा-एक मिनिट फुगवायचा आणि काढून घ्यायचा. तुम्ही भुलीत असाल. आणि आम्ही हवा नाही भरत, सलाइनचं पाणी भरतो."

"पाणी दबत नाही. बरोबर," ह्यांनी मान हलवली. मग पुन्हा चेहरा पडला. "पण बाई, जुनी ट्यूब ताणली... की फाटते. मी रोज बघतो."

"फाटू शकते," बाई सरळ म्हणाल्या. "क्वचित, पण फाटू शकते. म्हणूनच आधी लहान फुगा, मग मोठा. आणि काही महिन्यांनी पुन्हा आवळली, तर पुन्हा करावं लागेल."

हे उठले आणि चालू लागले. मी बाहेर जिन्यापाशी गाठलं. "मला एकटीला टाकून जायचंय का तुम्हाला?" असं चारचौघांत ओरडले. ओरडायला नको होतं, पण भीतीने माणसाचा तोल सुटतो. हे भिंतीला टेकून उभे राहिले, मग म्हणाले, "दाब कशाने मोजतात... तेवढं विचारू."

परत आत गेलो. बाईंनी खणातून नमुन्याचं यंत्र काढलं. जाड पिचकारी आणि तिला जोडलेलं गोल मीटर. ह्यांनी ते हातात घेतलं आणि काचेवर टकटक! हसावं की रडावं मला कळेना.

"हा काटा शून्यावर येत नाही," हे म्हणाले. "केसभर वर आहे."

शेजारची सिस्टर म्हणाली, "अहो काका, हे नुसतं दाखवायचं आहे. पेशंटला वापरत नाही."

बाईंनी ते खिडकीपाशी नेऊन निरखलं. "वापरत नसलो तरी चुकीचंच आहे," म्हणाल्या आणि सरळ कचऱ्याच्या डब्यात टाकलं. "तुमच्यासाठी नवीन पाकीट उघडेन. भूल द्यायच्या आधी काटा तुम्हाला दाखवीन. शब्द देते."

"दुसऱ्याने दाखवलेली चूक ऐकून घेतात," हे माझ्या कानाशी म्हणाले आणि संमतीच्या कागदावर सही ठोकली. मी इतकी वर्षं ह्यांच्या चुका दाखवतेय, त्याचं काय, ते मात्र विचारू नका.

दोन दिवसांनी सकाळी ह्यांना आत नेलं. मी बाहेर बाकावर, देव पाण्यात ठेवून. तासाभराने बाई आल्या, मास्क खाली ओढत. "वाट छान मोकळी झाली, काकू. कुठे फाटलं-बिटलं नाही. आणि टेबलावर आडवं पडून काकांनी आमचा काटा तपासला, मगच अंगठा दाखवला." मी त्यांचे दोन्ही हात धरून ठेवले.

दुसऱ्या दिवशी घरी सोडलं. आमचं घर तिसऱ्या मजल्यावर, लिफ्ट नाही. पहिला जिना चढता चढता मी बजावलं, "पंधरा दिवस दुकान बंद."

झालं! "पंधरा दिवस? डोकं ठिकाणावर आहे का तुझं, बाईंनी जड उचलू नका म्हटलंय, दुकान उघडू नका म्हटलेलं नाही, मी खुर्चीत बसून नुसता मीटर बघीन, आणि तू मला शिकवू नकोस, तुला स्वतःच्या सायकलची हवासुद्धा कळत नाही!"

हे सगळं एका दमात, पायऱ्या चढत. मी जागच्या जागी थांबले. वर्षभर हा माणूस माझ्या शब्दाबाहेर नव्हता. पडदे बदलू? हो. तुमच्या बहिणीकडे नको जाऊया? बरं. आजारपणाने सुधारले हो, असं मी शेजारणीला कौतुकाने सांगितलं होतं. सुधारले कुठले! भांडायला श्वास पुरत नव्हता बिचाऱ्यांना.

मी पायरीवर बसले आणि मला रडू फुटलं. हे धावत खाली आले. "अगं, काय झालं? बरं बाई, राहू दे. वीस दिवस बंद ठेवू."

"नको," मी म्हटलं. "भांडा. अजून भांडा."