पांढऱ्या देवमाशांचा चार्ट

मी जहाज कंपनीत आहे म्हटलं की वसईचे नातेवाईक मला फार धाडसी समजतात. प्रत्यक्षात मी दुबईत, जुमेरा लेक टॉवर्समधल्या ऑफिसात एसीखाली शाल पांघरून बसते आणि कुठल्या जहाजाने किती वेगाने जायचं ते कळवते.

गेल्या उन्हाळ्यात आमचं एक जहाज उत्तर ध्रुवाकडच्या वाटेने चाललं होतं. तिकडचा बर्फ वितळतोय, त्यामुळे रस्ता मोकळा होतो आणि आम्हाला जवळ पडतो. कप्तान रत्नागिरीचे. त्यांनी ऑफिसला फोन केला.

"मॅडम, नदीच्या मुखाशी बेलुगा देवमासे आलेत, पिलांसकट. आपल्या इंजिनच्या आवाजात पिलांना आईची हाक ऐकू येत नाही. चार तास स्लो जाऊ का?"

जहाज आधीच लेट होतं. साहेब शेजारच्याच केबिनमध्ये होते, त्यांना नुसतं विचारायचं होतं. पण मागच्याच आठवड्यात त्यांची बोलणी खाल्ली होती, पुन्हा कोण तोंड देणार? "नको कॅप्टनसाहेब, स्पीड मेन्टेन करा," मी म्हटलं. ते ओके म्हणाले आणि मी जेवायला गेले.

घरी लेकीला मात्र मी त्या पांढऱ्या देवमाशांबद्दल सांगितलं, कुठेतरी वाचल्यासारखं. तिला वेडच लागलं. शाळेच्या प्रोजेक्टला तिने तोच विषय घेतला, आणि जहाजांच्या आवाजाबद्दल वाचून एका संध्याकाळी माझ्याकडे आली.

"मम्मा, डू युअर शिप्स गो देअर?"

"छे गं," मी म्हटलं. "आपली जहाजं आफ्रिकेला जातात."

आता लाज वाटते ती या सहजपणाची. जीभ जरासुद्धा अडखळली नाही.

शाळेत तिने सगळ्या पालकांसमोर चार्ट वाचून दाखवला. शेवटी म्हणाली, माझी आईसुद्धा जहाजांचं काम करते, पण तिची जहाजं तिकडे जात नाहीत, मी तिला विचारलंय. टीचरने मला उभं राहायला सांगितलं. लोकांनी टाळ्या वाजवल्या आणि मी हसून मान लववली.

तो चार्ट तिने माझ्या ऑफिससाठी दिला. कॅप्टन लोक येतात ना, त्यांना दिसेल असा लाव म्हणाली. गेले तीन महिने तो गाडीच्या डिकीत आहे. ती अधूनमधून विचारते, लोक वाचतात का? मी सांगते, सगळे वाचतात.